सोयरिकीच्या चौकशीला नागपूर

माझा स्वभाव संशयी आहे असं आमच्या घरात सगळे म्हणतात. म्हणोत बापडे. सांगलीच्या गावभागात मी बावीस वर्षं शिवणवर्ग चालवते आहे, आणि कापड उलटं करून बघितल्याशिवाय त्यातलं काही कळत नाही एवढं या धंद्यानं मला शिकवलं. वरून शिलाई सगळ्यांचीच सरळ दिसते. दुकानदार सुती म्हणून जे गळ्यात मारतो, त्याची एक दशी ओढून मी काडी लावून बघते. सूत असलं तर राख होते, नायलॉन मिसळलेलं असलं तर गोळी होते. माणसांना काडी लावता येत नाही, म्हणून चौकशी करायची. त्यात कुणाला राग येण्यासारखं काय आहे, ते मला अजून कळलेलं नाही.

तर गेल्या फेब्रुवारीत मी नागपूरला गेले ती हवापालटासाठी नव्हे, चौकशीसाठी. माझी भाची सुधा टपाल खात्यात आहे. दोन वर्षांपूर्वी तिची बदली नागपूरला झाली आणि ती तिथं नोकरी करणाऱ्या मुलींच्या वसतिगृहात राहू लागली. दादा, म्हणजे तिचे वडील, जाऊन आठ वर्षं झाली. वहिनीला अर्धांगाचा झटका आल्यापासून तिचा उजवा हात चालत नाही, ती अंथरुणावरच असते. अशात सुधाचं पत्र आलं, की आमच्याच ऑफिसातल्या प्रकाश कोहळे नावाच्या मुलाशी मला लग्न करायचं आहे, घरची माणसं बघायला कुणीतरी यावं. खाली एक ओळ होती. आत्या येणार असेल तर तिला सांग, हे मोडलं तर मी पुन्हा कुणापुढे उभी राहणार नाही.

ही ओळ माझ्यासाठी होती हे न कळण्याइतकी मी खुळी नाही. याआधीची चार स्थळं माझ्याच चौकशीत बाद झाली होती. एकाच्या घरचा वाडा गहाण होता, एकाचा चुलता वेडा होता, बाकीच्या दोघांत काय होतं ते आता नीट आठवत नाही, पण काहीतरी होतं. सुधाला अठ्ठाविसावं लागलं होतं. वहिनी म्हणाली, "तू जाऊन बघून ये. तू म्हणशील तसं." म्हणजे सगळं माझ्या जिभेवर आलं.

एक गोष्ट आधीच कबूल करून टाकते. मुलाच्या वडलांची नरखेड तालुक्यात संत्र्याची बाग आहे, एवढंच पत्रात होतं. किती एकर ते नव्हतं. वर्गातल्या बायकांना सांगताना माझ्या तोंडून ती पंचवीस एकर झाली. मग वकीलबाईंनी, म्हणजे आमच्या घरमालकिणीनं, आपण होऊन स्वतःच्या पाटल्या काढून दिल्या. "बागाइतदारांकडं जाताय, हात मोकळे बरे दिसणार नाहीत," म्हणाल्या. मी आढेवेढे घेतले, पण फार नाही. पाटल्या मला मोठ्या होत होत्या, म्हणून आतून दोरा गुंडाळून बसत्या केल्या.

सोमवार, नागपूर स्टेशन

गाडीचा प्रवास सांगण्यासारखा नव्हता. नागपूरला उतरले तर माझ्यासाठी हार. झेंडूचा, चांगला जाडजूड, पुढाऱ्याला घालतात तसा. मी तिथंच सावध झाले. शिवणवर्गवाल्या बाईला हार घालायचं काय कारण?

हार घालणारे भाऊराव कोहळे, मुलाचे वडील. उंचेपुरे, पांढरंशुभ्र धोतर, काळा कोट, कोटाच्या खिशातून लोंबणारी सोन्याच्या रंगाची साखळी. त्या साखळीला घड्याळ असेल असं कुणालाही वाटेल. चार दिवसांत मी ते एकदाही बाहेर आलेलं बघितलं नाही. वेळ विचारायची झाली की ते मुलाला विचारत. सुधा बाजूला उभी होती, वाळली होती थोडी. मुलानं माझी बॅग आणि वळकटी उचलली आणि तो पुढं गेला.

"या जी आत्याबाई, या. परवासात तरास नाही ना झाला?" भाऊराव म्हणाले. हे 'जी' तिकडं प्रत्येक वाक्याला लावतात, मानाचं म्हणून. आमच्याकडं इतका मान दिला तर माणूस उसने पैसे मागायला आलाय असं समजतात.

बाहेर जीप उभी होती. मी विचारलं, जीप कुणाची? तर म्हणाले, "आपलीच समजा जी." मला नागपुरात कळलेली पहिली गोष्ट ही, की जे आपलं असतं त्याला ते आपलं म्हणतात, आणि जे नसतं त्याला आपलंच समजा म्हणतात.

कोहळ्यांचं घर महाल नावाच्या जुन्या वस्तीत, एका अरुंद गल्लीत. बाहेरून साधं, कौलारू. पण पुढची खोली म्हणजे थाट होता. लाल मखमलीचा सोफा, दोन खुर्च्या, काचेचं टेबल, त्यावर प्लॅस्टिकची फुलं, भिंतीला लागून कपाटाएवढा रेडिओ. मला सोफ्यावर बसवलं आणि घरचे सगळे समोर सतरंजीवर बसले. इतका चांगला सोफा असताना त्याच्यावर कुणी बसत का नाही, हा प्रश्न मी मनात टिपून ठेवला.

जेवायला पाटोडीचा रस्सा होता. डाळीच्या पिठाच्या वड्या आणि वर तेलाचा लाल थर. पहिल्या घासाला माझ्या कानातून वाफा निघाल्या. आम्ही सांगली-कोल्हापूरकडची माणसं, आम्हांला तिखटाचं कौतुक कुणी सांगू नये असं मी आजवर समजत होते. डोळ्यांतून पाणी आलं तर वच्छलाबाई, म्हणजे मुलाची आई, लगबगीनं दूध घेऊन आल्या. बाई ठेंगणी, सावळी, फार बोलत नव्हती. फार न बोलणाऱ्या बायकांवर माझं जास्त लक्ष असतं.

जेवणं झाल्यावर मी बागेचा विषय काढला. भाऊराव एकदम खुलले. झाडांना उन्हाळ्यात ताण कसा द्यायचा, पाणी कधी तोडायचं, पावसाच्या तोंडाशी फूल कसं येतं, हे सगळं त्यांनी सांगितलं. "झाड तहानेनं हैराण झालं ना जी, की मंगच फूल काढते. सुखात असलं तं निसता पालाच वाढते." हे मला पटलं. मग मी सहज म्हटलं, सांगलीला लोक नागपुरी संत्र्यांचं फार नाव काढतात. त्यावर ते लगेच म्हणाले, "दहा पेट्या पाठवतो. आपल्या झाडाच्या. चिंताच नका करू."

दहा पेट्या म्हटल्यावर त्या कुणाकुणाकडं द्यायच्या ते मी तिथं सोफ्यावर बसूनच ठरवलं. वकीलबाईंकडं दोन. बँकेतल्या मॅनेजरच्या बायकोकडं एक, तिनं माझ्या वर्गाला एकदा नाक मुरडलं होतं म्हणून.

मंगळवार, महाल

सकाळी पोहे आले आणि पोह्यांवर हरभऱ्याचा झणझणीत रस्सा ओतलेला. याला तर्री म्हणतात. आमच्याकडं पोह्यांवर खोबरं आणि कोथिंबीर घालतात, पोह्याला पोह्यासारखं राहू देतात. पण दुसरा घास खाल्ल्यावर मी गप्प बसले आणि तिसरी बशी घेतली. याची नोंद प्रामाणिकपणे करते.

मग वसतिगृहातून सकाळीच भेटायला आलेली सुधा ऑफिसला गेली, आणि मी सुई-दोरा आणायचं निमित्त काढून गल्लीत निघाले. चौकशीची माझी एक पद्धत आहे. किराणावाल्याकडं काहीतरी किरकोळ घ्यायचं आणि सुट्टे नाहीत म्हणून थांबायचं. थांबलं की माणूस बोलतो. किराणावाला भाऊरावांबद्दल इतकं चांगलं बोलला की मला वाटलं याला सांगून ठेवलंय. पुढं इस्त्रीवाल्याकडं गेले, तोही तेच. शेजारच्या बाईनं तर मी विचारायच्या आधीच सांगायला सुरुवात केली, पोरगा लय सरळ आहे, असा पोरगा दिव्यानं शोधून मिळत नाही. मी तिला अर्ध्यावर तोडून शेतीचं विचारलं. शेत आहे म्हणाली, कुठं आणि किती ते तिला ठाऊक नव्हतं. मला ते पुरेसं होतं.

घरी परतले तर वच्छलाबाई दारातच होत्या. हसून म्हणाल्या, "मागच्या घरची काशीबाई राहिली असन ना जी विचारायची? मीच नेईन तुमाले." माझ्या तोंडाचा रंग उडाला. सगळ्या गल्लीला ठाऊक होतं, सांगलीच्या बाई चौकशी करून राहिल्या. त्या मात्र जराही रागावलेल्या दिसल्या नाहीत. त्यामुळे मला जास्तच संशय आला. रागावायला हवं होतं.

दुपारी सगळे आत पडले होते. मी सोफ्यावर एकटीच. हात स्वस्थ बसेनात, सवय ती. मखमलीचं कव्हर बघता बघता कड उलटली. टीप दुहेरी, चांगली होती. पण आत लाकडावर पांढऱ्या रंगात मंडप डेकोरेशनवाल्याचं नाव आणि खाली नऊ हा आकडा. खुर्च्या वाकून बघितल्या, एकीवर दहा, एकीवर अकरा. रेडिओच्या मागं हात घातला तर आत कोळ्याची जाळी, वायर कुठंच जात नव्हती.

आता आनंद व्हावा की वाईट वाटावं? खरं सांगायचं तर आधी आनंदच झाला. मी बरोबर निघाले की मला बरं वाटतं. मग मी सांगलीला काय सांगून आले होते ते आठवलं. सोफा भाड्याचा असेल तर बाग कुणाची असेल?

बुधवार, नरखेडकडे

दुसऱ्या दिवशी आपलीच समजायची ती जीप पुन्हा आली आणि आम्ही बागेला निघालो. पुढं ड्रायव्हरशेजारी मुलगा, मागं भाऊराव, वच्छलाबाई, सुधा आणि मी. सुधानं त्या दिवशी रजा घेतली होती. सकाळची थंडी चांगलीच होती, वच्छलाबाईंनी आपली शाल माझ्या गुडघ्यांवर टाकली. काटोल ओलांडल्यावर रस्त्याच्या दोन्ही अंगांना बागा सुरू झाल्या. झाडांच्या बुंध्यांना निळसर चुना फासलेला, विहिरींवर मोटारपंपांची खोपटी, मधूनच एखादी कपाशीची वाळकी पट्टी. आमच्याकडच्या उसानंतर हे सगळं डोळ्यांना फार नीटनेटकं वाटलं.

गावाबाहेर जीप थांबली. भाऊरावांनी कोट झटकला आणि हात पसरून म्हणाले, "हे आपली बाग."

खोटं कशाला बोलू, बाग सुंदर होती. फळांच्या ओझ्यानं फांद्या वाकलेल्या, त्यांना खालून बांबूचे टेके दिलेले. उन्हाबरोबर सालीचा आंबट वास चढत होता. क्षणभर मला वाटलं, जाऊ दे तो सोफा. दादा असता तर इथं बसून त्यानं घरी जायचं नाव काढलं नसतं.

पण मग मी बघायला लागले. भाऊराव झाडांमधून आम्हांला हिंडवत होते, हे झाड माझ्या बापानं लावलेलं, ही विहीर मी खोदली, असं सांगत होते. अर्धा तास झाला, पाऊण तास झाला. फळाला मात्र हात लावत नव्हते. चालताना एखादं संत्रं खांद्याला लागलं तर अंग चोरत होते. आमच्या तासगावकडं द्राक्षाच्या बागेत पाऊल टाकलं की मालक आधी घड तोडून हातात कोंबतो, मग रामराम करतो. इथं पाहुणी सांगलीहून आलेली, आणि एक फळ तोडून देत नाहीत? मला राहवेना. हाताशी आलेलं एक चांगलं संत्रं मी देठ पिळून तोडलं.

तेवढ्यात टेक्यांमधून काठी घेतलेला एक म्हातारा धावत आला. डोक्याला मुंडासं, गळ्यात गोफण.

"बाई, ठेवा ते फळ," तो म्हणाला. "हा माल सेठचा आहे. तोडाले मनाई आहे." मग भाऊरावांकडं वळून, "भाऊ, तुमीच सांगा ना यायले. सेठ मले विचारन, तं मी काय सांगू?"

भाऊरावांचा चेहरा असा झाला की तो मी कधी विसरणार नाही. एवढा बोलका माणूस, त्याला शब्द सापडेना. म्हाताऱ्यावर ओरडले नाहीत, मला काही सांगितलं नाही, खाली मातीकडं बघत राहिले.

आणि मी बोलले. कुणी मला थांबवलं नाही, थांबवलं असतं तरी मी थांबले नसते.

"भाऊराव, सोफा मंडपवाल्याचा, जीप कुणाची देव जाणे, आणि बाग शेटजींची. तुमचं स्वतःचं असं काही आहे, की मुलगाही कुणाचा आणलाय?"

लांबच्या विहिरीवरचा पंप तेवढा चालू होता. वच्छलाबाईंनी पदर तोंडाशी धरला. सुधा पांढरीफटक पडली. मुलगा मागं थांबून रखवालदाराच्या खांद्यावर हात ठेवून त्याच्याशी हळू काहीतरी बोलत होता. म्हाताऱ्याचं तोंड बंद करत असेल, असं मला वाटलं. भाऊराव जीपच्या दिशेनं चालू लागले. संत्रं माझ्या हातात तसंच होतं. ते मी एका टेक्याशी ठेवून दिलं.

सुधानं मला दंडाला धरून विहिरीपाशी नेलं. ती रडली नाही.

"आत्या, बाग त्यांचीच आहे. सातबारा त्यांच्या नावावर आहे. फळ विकलंय फक्त. इथं सगळे तसंच करतात. फळ हिरवं असतानाच अख्खी बाग व्यापाऱ्याला देऊन टाकतात. मग तोड होईपर्यंत राखण त्याची, माल त्याचा. मालकानंसुद्धा फळाला हात लावायचा नसतो."

मी म्हटलं, मग तसं तोंडानं सांगायला काय झालं होतं त्यांना?

"कसं सांगतील? तू दहा पेट्या मागितल्यास ना."

मी मागितल्या नव्हत्या, त्यांनी देऊ केल्या होत्या. पण हा मुद्दा तिथं काढण्यात अर्थ नव्हता. मी विहिरीच्या कठड्यावर बसले. खोल गेलेल्या पाण्यात माझ्या डोक्याचा काळा ठिपका दिसत होता. लाज वाटली, फार वाटली. पण लाज वाटल्यावर माणसानं जे करायला हवं ते मी केलं नाही. जीपशी जाऊन मी हसले आणि म्हणाले, अहो भाऊराव, मी आपली थट्टा केली, मनावर घेऊ नका. भाऊराव म्हणाले, "थट्टाच समजलो जी आमी." परतीच्या वाटेवर त्यांनी बागांबद्दल एक अक्षर काढलं नाही, आणि मलाही काही विचारायला सुचलं नाही.

गुरुवार, पुन्हा महाल

गुरुवारी माझी परतीची गाडी होती. मी येण्याआधीच ठरलेलं होतं, की पसंती असेल तर निघण्याआधी सुपारी फोडायची. वच्छलाबाईंनी पाटावर नारळ-सुपारी मांडून ठेवली होती. मी त्या पाटाकडं बघितलं नाही. वहिनीला विचारून कळवते, असं म्हणाले. भाऊरावांनी मान हलवली. सुधा आत निघून गेली.

निघण्याआधी न्हाणीघरात मी हात धुवत होते, वच्छलाबाई पाणी घालत होत्या. साबणानं हात निसरडे झाले आणि उजव्या हातातली पाटली सर्रकन घसरून त्यांच्या पायाशी पडली. दोरा सुटून लोंबत होता. बाईंनी वाकून पाटली उचलली, दोरा पुन्हा आतून नीट गुंडाळला, दातांनी गाठ मारली आणि माझ्या हातात चढवली.

"पयल्याच दिवशी दिसलं होतं मले," त्या हळूच म्हणाल्या. "पाव्हणीचं झाकून घ्याचं असते जी. या, ते लोकं वाट पाहून राहिले."

त्यांनीच मग दोन गोष्टी सांगितल्या, साध्या आवाजात. बाग सात एकर. सोफा मंडपवाला आज घेऊन जाणार होता, माझी गाडी सुटली की. "पोरीची आत्या पश्चिमेकडची, थे लोकं नाव ठेवतात म्हणून यायनं आणला. मी नाही म्हटलं होतं. ऐकतात का माणसं?" मी त्यांचा हात धरायला हवा होता. माझ्याही घरात तसंच चालतं, असं सांगायला हवं होतं. मी पदरानं हात पुसले आणि बाहेर आले.

स्टेशनवर भाऊराव आले होते. या वेळी हार नव्हता. मुलानं सामान चढवलं, जागा बघितली, पाण्याची सुरई भरून आणली. सुधानं माझ्या पाया पडून घेतलं, पण वर बघितलं नाही.

सांगली

परतीच्या गाडीत मी काय करत होते, तेही सांगून टाकते. नकार कसा द्यायचा याची जुळवाजुळव करत होते. माणसं वाईट होती म्हणून नव्हे. वाईट नव्हतीच. पण होकार दिला की सांगलीहून वऱ्हाड नागपूरला जाणार. वकीलबाई येणार, बँकेतल्या मॅनेजरची बायकोसुद्धा मुद्दाम येणार. ते कौलारू घर बघणार, पंचवीस एकरांचे सात झालेले बघणार. मग मी गावभागात तोंड कुठं लपवू? सुधाचं काय होईल हा विचार आला नाही असं नाही. आला, आणि मी त्याच्यापुढं दुसरा विचार आणून ठेवला, की तिच्याच भल्याचं आहे. अमरावती ते अकोला एवढ्यात माझी सगळी वाक्यं तयार झाली. खोटेपणा हा शब्द त्यात तीनदा होता.

घरी पोचले, आंघोळ केली आणि वहिनीच्या खाटेशी जाऊन बसले. वहिनीचं बोलणं जरा जड झालंय, पण कान आणि डोकं शाबूत आहे. मी सुरुवातीपासून सांगायला लागले. हार, जीप, घड्याळ नसलेली साखळी. सोफ्याच्या आतला आकडा सांगितला, रेडिओतली जाळी सांगितली. रखवालदाराची नक्कल केली. माल शेटजींचा ही गोष्ट मी पहिल्यांदा अर्धीच सांगितली, मग वहिनीच्या डोळ्यांकडं बघून उरलेली पण सांगितली. बाग सात एकर, तेही सांगितलं. आता तयार केलेली वाक्यं काढायची, म्हणून मी पाणी प्यायले.

वहिनीनं डावा हात थोडा वर केला.

"मुलगा कसा आहे?"

मी म्हटलं, टपाल खात्यात आहे, सुधाच्याच हुद्द्यावर. ती म्हणाली, ते पत्रात होतं. "कसा आहे?"

मी तोंड उघडलं. त्या सोफ्याची टीप मी आजही कागदावर काढून दाखवीन, किती दोऱ्याची, कुठं वळलेली. मुलाचं काही आठवेना. उंच होता का? चष्मा होता का? सुधाशी बोलताना त्याचा आवाज कसा व्हायचा? ती शेजारीण त्याच्याबद्दल सांगत होती, तिला मी थांबवलं होतं. जीपमध्ये दोन तास तो माझ्या पुढच्या सीटवर बसला होता, आणि मला त्याच्या मानेवरची शर्टाची कॉलर आठवत होती, टेरिलीनची, घरी उलटून शिवलेली. मी डोळे मिटून बघितलं. चेहऱ्याच्या जागी काही नव्हतं.

"मी त्याच्याशी बोललेच नाही गं," मी म्हटलं.

वहिनीनं मान माझ्याकडं वळवली. मग म्हणाली, "चार दिवस होतीस ना तिथं?"

आजवर वहिनीपुढं मी कधी रडले नव्हते, दादा गेला तेव्हासुद्धा तिला सावरत होते. त्या दिवशी तिच्या खाटेच्या काठाला डोकं टेकून रडले. तिनं मला रडू दिलं. गप्प हो म्हणाली नाही.

मग म्हणाली, "पत्र घे. मी सांगते तसं लिही."

तिचा हात चालत नसल्यामुळं तिची पत्रं मीच लिहिते. मी आंतर्देशीय पत्र घेतलं, पेन घेतलं. ती थांबत थांबत सांगत होती, मी लिहीत होते. श्री. भाऊराव कोहळे यांस, साष्टांग नमस्कार. आमची मुलगी शहाणी आहे. तिनं निवडलेला मुलगा आम्हांला पसंत आहे. सुपारी आपण नागपुरातच फोडावी, माझी वाट पाहू नये, मला प्रवास झेपत नाही. आपल्या बागेचं फळ व्यापाऱ्याचं होऊन गेलं असलं तरी पुढच्या बहाराला आम्ही आपले सोयरे म्हणून येऊ.

खाली मी तिचं नाव घातलं, सुधाची आई म्हणून. नावाखाली बरीच जागा राहिली होती. माझं नाव घालू का, असं मी विचारलं.

"तू त्याला बघितलं असशील तर घाल," वहिनी म्हणाली.

मी पेनाला टोपण लावलं.